पगाराची चिठ्ठी आणि क्लेमची फाइल : प्रस्तावना

नागपुरातल्या गांधीबागेच्या ठोक कापड बाजारात गठ्ठा कुठून आला, त्यातून किती थान निघाले, ते कोणाकडे गेले आणि उधारी किती दिवसांची, याची नोंद चोख असते. जीएसटी आल्यापासून ती आणखी चोख झाली. तोच गठ्ठा पाठीवर किंवा ठेल्यावर वाहून नेणाऱ्या माणसाला महिन्याकाठी किती सुटतात, हे मात्र सहसा कुठेच लिहिलेले नसते. रोजी संध्याकाळी हातात पडते, उचल दिवाणजीच्या लक्षात असते आणि दिवाळीची बक्षिसी मालकाच्या मर्जीवर ठरते. माणूस जिवंत असेतो यात कोणाचे काही अडत नाही. तो अपघातात गेला की त्याच्या बायकोला न्यायाधिकरणापुढे पहिला प्रश्न हाच येतो : यांची कमाई किती होती, आणि त्याचा पुरावा काय?

रस्त्यावर माणूस गमावलेल्या घरांसाठी ही पुस्तिका लिहिली आहे. भारतात २०२२ साली रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे गेली. त्यांतली कितीतरी घरातली एकटी कमावती माणसे होती. या घरांना कायद्याने काय मिळू शकते, ते कोणाकडून आणि कशाच्या आधारावर, हे साध्या भाषेत सांगणे हा पुस्तिकेचा पहिला हेतू. दुसरा हेतू बाजारातल्या मालकांना उद्देशून आहे आणि माझ्या मते तोच अधिक महत्त्वाचा. भरपाईचा दावा कोर्टात चालतो खरा, पण तो बराचसा आधीच, दुकानाच्या गल्ल्यावर, जिंकलेला किंवा हरलेला असतो.

सुरुवात करण्याआधी दोन घोटाळे दूर करायला हवेत. पहिला घोटाळा मदत आणि भरपाई यांच्यातला. नागपूरहून पुण्याला निघालेली एक खासगी बस १ जुलै २०२३ रोजी मध्यरात्र उलटल्यावर समृद्धी महामार्गावर सिंदखेडराजाजवळ उलटून पेटली. बसमधल्या ३३ जणांपैकी २५ जण गेले. राज्य सरकारने मृतांच्या वारसांना प्रत्येकी ५ लाख रुपये जाहीर केले, पंतप्रधान सहायता निधीतून २ लाख जाहीर झाले. ही मदत होती. ती सरकारच्या इच्छेवर असते आणि सर्वांना सारखी असते. घरात म्हातारे किती, मुले किती, कर्ज किती, हे ती विचारत नाही. भरपाई हा हक्क आहे. ती वाहनाच्या मालकाने आणि त्याच्या विमा कंपनीने द्यायची असते आणि तिचा आकडा त्या घराच्या नुकसानीवरून निघतो. मदत घेतली म्हणून हा हक्क जात नाही. शिवाय मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ प्रमाणे वारस जिथे राहतात तिथल्या न्यायाधिकरणातही अर्ज करता येतो. अपघात बुलढाणा जिल्ह्यात झाला तरी नागपूरच्या घराने दाव्यासाठी बुलढाण्याला खेटे घालायची गरज नाही.

दुसरा घोटाळा फौजदारी खटला आणि क्लेम यांच्यातला. फेब्रुवारी २०२४ मध्ये नागपूरच्या रामझुला पुलावर रात्री एका महागड्या मोटारीने दुचाकीवरच्या दोन तरुणांचा जीव घेतला, तेव्हा गाडी कोण चालवत होते, जामीन कसा मिळाला, कलमे कोणती लावली यावर शहर अनेक महिने बोलत होते. ते बोलणे रास्तच होते. पण शिक्षा आणि भरपाई यांच्या वाटा वेगळ्या आहेत. निष्काळजीपणाने मृत्यू घडवल्याचा गुन्हा पूर्वी भारतीय दंड संहितेच्या कलम ३०४-अ खाली नोंदला जाई, १ जुलै २०२४ पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६ खाली नोंदला जातो. तो फौजदारी न्यायालयात निःसंशय सिद्ध व्हावा लागतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात इतका कडक पुरावा लागत नाही, चालकाच्या चुकीची शक्यता अधिक दिसली तरी पुरते. म्हणून चालक निर्दोष सुटला की क्लेमही बुडाला, असे समजून फाइल गुंडाळू नये.

हे न्यायाधिकरण आले कुठून? १८५५ च्या प्राणांतिक अपघात कायद्याने मृताच्या घरच्यांना नुकसानभरपाई मागण्याचा अधिकार दिला, पण त्यासाठी दिवाणी न्यायालयात दावा लावावा लागे. १९३९ च्या मोटार वाहन कायद्याने वाहनाला त्रयस्थ व्यक्तीच्या जोखमीचा विमा सक्तीचा केला आणि ही सक्ती १ जुलै १९४६ पासून लागू झाली. १९५६ च्या दुरुस्तीने खास न्यायाधिकरणांची सोय झाली. आज आपण वापरतो तो १९८८ चा कायदा १ जुलै १९८९ पासून अमलात आहे. शोरूममध्ये गाडीबरोबर ‘टीपी’ म्हणून जो विमा आपण नाखुशीने घेतो, तो गाडीखाली सापडणाऱ्या अनोळखी माणसासाठी आहे. त्या माणसाचे घर ही भरपाई मागते तेव्हा ते कोणाच्या दयेवर नसते.

आता हिशेबाकडे. भरपाईचा आकडा न्यायाधीशाच्या मनावर सोडलेला नाही. त्याचे गणित सर्वोच्च न्यायालयाने दोन निकालांत बांधून दिले आहे : सरला वर्मा (२००९) आणि प्रणय सेठी (२०१७). पहिल्या निकालाने वयाप्रमाणे गुणक ठरवले. १५ ते २५ वयाला १८, २६ ते ३० ला १७, ३१ ते ३५ ला १६, असे उतरत ६५ च्या पुढे ५. मृत माणूस स्वतःवर किती खर्च करत असेल तेही ठरवले : विवाहित असून अवलंबून असणारे दोन-तीन असतील तर एक तृतीयांश, चार ते सहा असतील तर एक चतुर्थांश, त्याहून अधिक असतील तर एक पंचमांश वजा. अविवाहित असेल तर साधारणपणे निम्मे. दुसऱ्या निकालाने भविष्यातल्या वाढीचा विचार केला. कायम नोकरीवाल्याचे वय चाळिशीच्या आत असेल तर उत्पन्नात ५० टक्के मिळवायचे, स्वतःचा धंदा करणाऱ्याच्या किंवा ठरावीक पगारावरच्या माणसाच्या बाबतीत ४० टक्के. याच निकालाने सहवास गमावल्याबद्दल ४०,००० रुपये, मालमत्तेच्या हानीसाठी १५,००० आणि अंत्यविधीसाठी १५,००० अशा रकमा ठरवल्या, आणि त्या दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढवायला सांगितले. सहवासाची हानी केवळ पत्नीची नसून मुलांची आणि आईबापांचीही असते, हे पुढे २०१८ मध्ये स्पष्ट झाले.

उदाहरणादाखल एक घर समजू. ट्रकच्या धडकेत गेलेला माणूस ३४ वर्षांचा, दुकानात कामाला, महिन्याला १५,००० रुपये मिळवणारा. मागे पत्नी, दोन मुले आणि आई. वर्षाचे १,८०,००० झाले. त्यात ४० टक्के वाढ धरली की २,५२,०००. अवलंबून असणारे चार, म्हणून एक चतुर्थांश वजा जाऊन उरले १,८९,०००. त्याला १६ ने गुणले की ३०,२४,००० रुपये. सहवास आणि अंत्यविधी वगैरेंच्या रकमा यावर वेगळ्या.

आता समजा या १५,००० चा कागद नाही. मालक म्हणतो, आमच्याकडे तो कधीमधी यायचा. न्यायाधिकरणाने अंदाजाने महिना ८,००० धरले, तर याच गणिताने आकडा येतो १६,१२,८००. माणूस तोच, चूक त्याच ट्रकवाल्याची, विमा कंपनी तीच, आणि घराच्या हातचे १४,११,२०० रुपये गेले. हेच दुसऱ्या बाजूने पाहा : या घरासाठी महिन्याच्या कमाईतला प्रत्येक हजार रुपया जो कागदावर नाही, तो २,०१,६०० रुपयांचा खड्डा पाडतो.

कायद्याच्या या गणितावर एक आक्षेप नेहमी घेतला जातो आणि तो खोटा नाही. एकाच धडकेत विवरणपत्र भरणारा व्यापारी आणि त्याचा हमाल गेले, तर दोन घरांना मिळणाऱ्या रकमांत जमीन-अस्मानाचा फरक पडतो. कायद्याचे उत्तर असे की ही जिवाची किंमत नाही, घरात येणारा पैसा थांबला त्याची भरपाई आहे. हे उत्तर मनाला पटो न पटो, निदान त्यात सूत्र आहे. पण हमालाच्या घराला त्याच्या खऱ्या कमाईहूनही कमी धरून रक्कम मिळते, त्याला कोणते सूत्र? ती दुसरी विषमता कायद्याने केलेली नाही. ती चिठ्ठी न देणाऱ्या मालकाने, नोंद न मागणाऱ्या कामगाराने आणि ‘आपल्यात काय लिहायचं’ म्हणणाऱ्या बाजाराने केली आहे. न्यायालयांनी आपल्या परीने ती भरून काढायचा प्रयत्न केला आहे. पगाराचा दाखला नाही एवढ्यावरून किमान वेतन हेच अंतिम माप मानू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये सांगितले. तरीही अंदाज शेवटी अंदाज राहतो, आणि समोर विमा कंपनीचा वकील तो खाली ओढायला उभा असतो.

उपाय मात्र खर्चिक नाहीत. मजुरी रोखीऐवजी खात्यात किंवा यूपीआयने द्यावी. महिन्याला एक सही-शिक्क्याची चिठ्ठी द्यावी. हजेरी वहीत नाव असावे. महाराष्ट्रात १९६९ पासून माथाडी, हमाल आणि इतर श्रमजीवी कामगारांसाठी स्वतंत्र कायदा आहे. त्याखालच्या मंडळात नोंद असलेल्या कामगाराची मजुरी मंडळामार्फत जाते, त्यामुळे उत्पन्नाचा पुरावा आपोआप तयार होतो. ज्याची अशी नोंद नाही त्याने निदान बँकेचे पासबुक, मुलांच्या फीच्या पावत्या, घरभाड्याच्या पावत्या आणि बचत गटाच्या कर्जाच्या हप्त्यांच्या नोंदी जपाव्यात. कर्जाचा हप्ता वेळेवर जात होता, यावरूनही घरात किती येत होते याचा अंदाज बांधता येतो.

बायकांच्या बाबतीत हा प्रश्न आणखी अवघड होतो. बाजारातल्या साड्यांना घरी बसून फॉल-पिको करणारी, पापड लाटणारी, शिवाय स्वयंपाक, मुले आणि सासूचे आजारपण सांभाळणारी बाई अपघातात गेली, तर ‘ती काही कमवत नव्हती’ असे खुद्द नवराच पोलिसांना सांगून मोकळा होतो. हे वाक्य कागदावर गेले की महागात पडते. घरकामाला मोल आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने लता वाधवा प्रकरणात २००१ मध्येच मान्य करून गृहिणीच्या सेवेचे मूल्य महिना ३,००० रुपये धरले होते. २०२१ च्या कीर्ती प्रकरणात गृहिणीचे काल्पनिक उत्पन्न धरणे आणि त्यात भविष्यातली वाढ मिळवणे, या दोन्हींवर पुन्हा शिक्कामोर्तब झाले. पुस्तिकेत या विषयाला स्वतंत्र प्रकरण दिले आहे. घरातल्या पुरुषांनी ते आधी वाचावे.

आता पळून गेलेल्या वाहनाविषयी. ऑगस्ट २०२५ मध्ये, राखीच्या दिवशी, नागपूर–जबलपूर महामार्गावर देवलापारजवळ एका ट्रकने दुचाकीला धडक दिली आणि तो निघून गेला. पत्नी जागीच गेली. थांबून मदत करणारे कोणी भेटेना, तेव्हा नवऱ्याने तिचा मृतदेह दुचाकीवर बांधून नेला. त्याचे चित्रण देशभर पाहिले गेले. पोलिसांनी पुढे सीसीटीव्ही चित्रणाचे संगणकाद्वारे विश्लेषण करून ट्रक शोधून काढला. बातमीत ही तपासाची कामगिरी म्हणून आली, क्लेमच्या दृष्टीने मात्र तिचा अर्थ फार मोठा होता. वाहन सापडलेच नाही तर कलम १६१ खालच्या योजनेतून मृत्यूसाठी ठरावीक २ लाख रुपये मिळतात. १ एप्रिल २०२२ पूर्वी ही रक्कम अवघी २५,००० होती. वाहन सापडले की विमा कंपनीकडे पूर्ण दावा लावता येतो. ट्रकच्या क्रमांकाचे चार आकडे कोणी टिपले, तर त्यावर एका घराचे कित्येक लाख ठरू शकतात. आणि ते २ लाखही फार थोडी घरे मागतात. २०२२ साली देशात पळून गेलेल्या वाहनांचे ६७,३८७ अपघात नोंदले गेले, तर २०२२-२३ या आर्थिक वर्षात या योजनेत अर्ज आले फक्त २०५. महिनाभरात वाहन सापडले नाही तर पोलिसांनी वारसांना या योजनेची माहिती द्यावी, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये दिला. माहिती मिळाली नाही तर ठाण्यात जाऊन मागावी.

गांधीबाग–इतवारीच्या कामगारांसाठी आणखी एक धोका सांगायला हवा. मालवाहू टेम्पोत मालावर बसून जाणे हा इथला रोजचा प्रकार. अशा गाडीत फुकट बसलेला प्रवासी अपघातात गेला, तर विमा कंपनीवर जबाबदारी येत नाही आणि वारसांना गाडीच्या मालकाच्या मागे लागावे लागते. मात्र बसलेला माणूस मालाचा मालक किंवा त्याचा प्रतिनिधी असेल, किंवा त्या गाडीवर कामाला असलेला हमाल असेल, तर गोष्ट बदलते. कामगार म्हणून कर्मचारी भरपाईच्या कायद्याचीही वाट उघडते (नोव्हेंबर २०२५ पर्यंत तो १९२३ चा कायदा होता). तिथे चालकाची चूक सिद्ध करावी लागत नाही, पण त्या हिशेबात महिन्याच्या पगाराला कमाल मर्यादा असते (१९२३ च्या कायद्याखाली ती शेवटी १५,००० रुपये होती). दोन्ही वाटांनी एकदम जाता येत नाही, एकच निवडावी लागते. ही निवड घाईत, दवाखान्याच्या आवारात भेटलेल्या माणसाच्या सांगण्यावरून करू नये.

तो भेटणारा माणूस कोण हे बहुतेकांना माहीत असते. मेयो रुग्णालयात शवविच्छेदन चाललेले असताना बाहेर ‘क्लेम करून देतो, आधी एक पैसा नको’ म्हणणारा कोणीतरी उभा असतो. कोऱ्या वकीलपत्रावर सही करू नये आणि मूळ कागद हातचे सोडू नयेत. स्त्रियांना आणि मुलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील देण्याची सोय विधी सेवा प्राधिकरण कायद्यात आहे आणि जिल्हा प्राधिकरण त्यासाठीच आहे. लोकअदालतीत तडजोड करायला हरकत नाही, पैसे लवकर येतात. पण तिथल्या निवाड्यावर अपील नाही, म्हणून आपल्या दाव्याचे गणित वर दाखवले तसे स्वतः मांडून मगच आकड्याला होकार द्यावा.

पोलिसांचे कामही आता कायद्याने बांधलेले आहे. १ एप्रिल २०२२ पासूनच्या नियमांप्रमाणे तपास अधिकाऱ्याने ४८ तासांत अपघाताचा पहिला अहवाल आणि ९० दिवसांत सविस्तर अहवाल न्यायाधिकरणाकडे द्यायचा असतो. वारसांना त्यांचे हक्क सांगणारा नमुनाही द्यायचा असतो. तो मागून घ्या. त्याच दिवसापासून एक जुनी मुदतही परत आली : अर्ज अपघातापासून सहा महिन्यांत करायचा. १९९४ मध्ये ही मुदत काढून टाकली होती, २०१९ च्या दुरुस्तीने ती पुन्हा आणली. तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले गेले आणि केवळ उशीर झाला म्हणून अर्ज फेटाळू नयेत असा अंतरिम आदेश नोव्हेंबर २०२५ मध्ये झाला. अंतरिम आदेशाच्या भरवशावर मात्र कोणी थांबू नये.

पैसे मिळाल्यावरचा भाग आम्ही मुद्दाम लांबवला आहे, कारण घरे तिथे फुटतात. रक्कम एकट्या विधवेची नसते आणि एकट्या सासऱ्याचीही नसते. न्यायाधिकरण प्रत्येकाचा वाटा ठरवते आणि अज्ञान मुलांचा वाटा सहसा मुदत ठेवीत ठेवायला लावते. सुनेने दुसरे लग्न केले तर तिचा हक्क गेला, असे सांगून तिला गप्प बसवले जाते. ते चूक आहे. पुनर्विवाहाने भरपाईचा हक्क बुडत नाही, असे मुंबई उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये स्पष्ट केले आहे.

पुस्तिकेच्या मर्यादाही सांगून ठेवतो. स्वतःच्याच चुकीने गाडी घसरून गेलेल्या माणसाच्या वारसांना त्रयस्थ विम्यातून भरपाई मिळत नाही. मालक-चालकाचा वैयक्तिक अपघात विमा असेल तर तो तपासावा, एवढेच तिथे सांगता येते. प्रत्येक दाव्यात हेल्मेट, परवाना, ट्रिपल सीट असे मुद्दे निघतात आणि त्यांची उत्तरे त्या त्या फाइलवर अवलंबून असतात. वकिलाची जागा ही पाने घेणार नाहीत. वकिलापुढे बसताना काय विचारायचे, एवढे ती शिकवतील.

वाचण्याचा क्रम वाचकागणिक वेगळा ठेवावा. ज्यांच्या घरी ही वेळ आली आहे त्यांनी दुसऱ्या प्रकरणातली कागदांची यादी आधी काढावी : एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, मृत्यूचा दाखला, गाडीचे नोंदणीपत्र, विम्याची प्रत, चालकाचा परवाना, वयाचा आणि कमाईचा पुरावा. तेरवीपर्यंत थांबायचे कारण नाही, एखाद्या नातेवाइकाने किंवा शेजाऱ्या-पाजाऱ्याने ते काम अंगावर घ्यावे. ज्यांच्या घरी ही वेळ आलेली नाही त्यांनी, आणि विशेषतः ज्यांच्या दुकानात पाच-दहा माणसे राबतात त्यांनी, कमाईच्या पुराव्याचे प्रकरण वाचून येत्या पगारापासून चिठ्ठी द्यायला लागावे. तिला कागद आणि पाच मिनिटे लागतात. यातला बाकी सगळा कायदा दिल्ली-मुंबईत ठरतो, एवढी एक गोष्ट गांधीबागेच्या हातात आहे.